वर्गणी कुणाची, कॅमेरा कुणाचा

ब्लॅक पँथर आपल्याला ठाऊक. १९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली ती त्याच नावावरून. पण अमेरिकेतल्या डेट्रॉईटच्या काळ्या कामगारांची गोष्ट आपल्याकडं फारसं कुणी सांगत नाही. खरं तर ती आपल्या गिरणगावाला जास्त जवळची.

डॉज मेन हा क्रायस्लर कंपनीचा मोटार कारखाना. भट्टी, बॉडी शॉप, रंगकाम, म्हणजे जिथं फुफ्फुस आणि पाठ मोडते तिथं काळा माणूस. फोरमन बहुतेक गोरे. २ मे १९६८ ला पट्ट्याचा वेग वाढवला म्हणून सुमारे ४००० कामगार बाहेर पडले. गोरे-काळे दोघंही होते. शिक्षेचा बडगा मात्र मुख्यतः काळ्यांवर. जनरल बेकरला कायमचं काढलं. (जनरल हे त्याचं नाव, हुद्दा नव्हे!)

त्यातून 'ड्रम' ही संघटना झाली. हत्यार काय? आपल्यासारखीच चक्रमुद्रित पत्रकं, कारखान्याच्या गेटवर वाटलेली. भांडण मालकाशी होतंच, पण युनायटेड ऑटो वर्कर्स या युनियनशीही होतं. वर्गणी काळ्यांच्याही पगारातून कापायची आणि खुर्च्या गोऱ्यांनी गरम करायच्या! १९६८ च्या युनियन निवडणुकीत ड्रमचा रॉन मार्च पहिल्या फेरीत पुढं होता. दुसऱ्या फेरीत निवृत्त गोऱ्या कामगारांची मतं विरोधात गेली आणि तो पडला.

आपल्याकडं वेगळं काय होतं? मुंबईच्या गिरण्यांत विणकाम खात्यात पगार चांगला, तिथं अस्पृश्याला मज्जाव. धोट्यातला धागा तोंडानं ओढावा लागे, विटाळ होतो ना! १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढं रोखठोक ठेवला. १९३८ ला मनमाडच्या रेल्वे कामगार परिषदेत त्यांनी ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही असे दोन शत्रू सांगितले ते उगाच नाही. एका लाल झेंड्याखाली दोन पाणवठे होते.

तर १९६९ मध्ये अशा संघटनांची मिळून 'लीग ऑफ रेव्होल्युशनरी ब्लॅक वर्कर्स' झाली, आणि १९७० मध्ये तिचा अनुबोधपट आला: 'फायनली गॉट द न्यूज'. वर्गणीचं काय करता ते आम्हाला अखेर कळलं, असा निदर्शकांचा टोला या नावात आहे. सुमारे ५५ मिनिटांचा, काळा-पांढरा. सुरुवातीलाच गुलामगिरीची चित्रं, मग तिथून थेट कारखान्यापर्यंत. गुलामाच्या घामावर ही मोटार उभी आहे, हे सांगायला प्राध्यापक लागत नाही.

सिनेमा करणारे स्टुअर्ट बर्ड, रेने लिक्टमन आणि पीटर गेसनर गोरे होते. पण बोलतो कोण? लीगचा जॉन वॉटसन बोलतो, कामगार बोलतात. काय म्हणायचं ते लीगनं ठरवलं. आपल्या वस्तीत कॅमेरा घेऊन येणारे पांढरपेशे बघा. त्यांना आपलं गटार पाहिजे, आपलं म्हणणं नको. दया दाखवणारा सिनेमा आणि बाजू मांडणारा सिनेमा यांत हा फरक आहे.

लीगमध्येही खोट होती. कार्यकारिणीवर सात जण, सातही पुरुष. मरियन क्रेमरसारख्या बाया रात्रंदिवस राबल्या, पण निर्णयाच्या टेबलावर नाहीत. हे आपल्याला नवं वाटू नये.

१९७१ मध्ये लीग फुटली. 'ब्लॅक स्टार प्रॉडक्शन्स' या नावानं तिनं स्वतःची फिल्मशाखाही काढली होती. तिचे पुढचे सिनेमे कागदावरच राहिले.