मालकाने सोडलं, मंडळींनी सांभाळलं

मंडळी, नोकियाच्या फोनमधली सिम्बियन आठवतेय ना? २०११ साली नोकियाने विंडोज फोनची वाट धरली आणि सिम्बियन हळूहळू संपली. मोबाइलच्या दुनियेत बहुतेक वेळा असंच होतं. कंपनीने हात काढून घेतला की ऑपरेटिंग सिस्टिमचं तेरावंच! एका सिस्टिमने मात्र हा रिवाज मोडला, आणि त्यात जर्मनीचा मोठा वाटा आहे.

तिचं नाव उबुंटू टच. ब्रिटनच्या कॅनॉनिकल कंपनीने ती जानेवारी २०१३ मध्ये जाहीर केली. २०१५ मध्ये स्पेनच्या बीक्यू कंपनीचा पहिला उबुंटू फोन युरोपात विक्रीला आला. पण अँड्रॉइड आणि आयफोनपुढे टिकाव लागेना. एप्रिल २०१७ मध्ये कॅनॉनिकलचे संस्थापक मार्क शटलवर्थ यांनी हे काम थांबवत असल्याचं जाहीर केलं.

गोष्ट इथेच संपायची. पण सोर्स कोड खुला होता. तो पुढे न्यायला कोणाची परवानगी लागणार नव्हती. मारिउस ग्रिप्सगार्ड यांनी सुरू केलेल्या यूबीपोर्ट्स या स्वयंसेवकांच्या गटाने जबाबदारी उचलली. त्यांची फाउंडेशन आज बर्लिनमध्ये आहे.

खरी अडचण पुढेच होती. नव्या फोनचा कॅमेरा, मोडेम वगैरेंचे ड्रायव्हर बनतात ते अँड्रॉइडसाठी. यावर तोड निघाली ती हेलियमची. अँड्रॉइडचा खालचा थर तसाच ठेवायचा आणि त्यावर उबुंटूचा संसार मांडायचा. जोतं दुसऱ्याचं, घर आपलं! पुढे रेमशाइडच्या एका छोट्या कंपनीने आपला व्होला फोन हवा तर थेट उबुंटू टच घालून द्यायला सुरुवात केली.

सगळं सुरळीत आहे असं नाही. जर्मनीत २०२१ मध्ये थ्रीजी बंद झालं. ज्या फोनवर व्होएलटीई चालत नाही, तो कॉलसाठी टूजीवर उतरतो. भारतातल्या आईवडिलांशी आपण ज्या ॲपवरून रोज बोलतो, ती अँड्रॉइडची. त्यांच्यासाठी वेड्रॉइड नावाची सोय आहे, पण बँकांची ॲप्स तिथे बऱ्याचदा रुसतात.

मग हा खटाटोप कशासाठी? कंपनीने अपडेट थांबवले म्हणून धडधाकट फोन कचऱ्यात जाऊ नये, यासाठी. फावला वेळ आणि थोडी वर्गणी, एवढ्यावर हे काम उभं आहे. आपलं मंडळ आणि हा दिवाळी अंक तरी दुसऱ्या कशावर चालतो?