तैवानचे रात्रबाजार : मार्गदर्शकासोबतची खाद्यफेरी

सेमीकंडक्टर उद्योगाच्या कामानिमित्त तैवानला जाणाऱ्या अभियंत्याचा दिवस बहुधा सिन्चूच्या विज्ञान उद्यानात किंवा तैपेईतील एखाद्या कार्यालयात संपतो. देशाची ओळख होते ती त्यानंतर. संध्याकाळी पाचच्या सुमारास रस्त्यांवर खाद्यपदार्थांच्या गाड्या लागू लागतात आणि मध्यरात्रीपर्यंत तेथील गर्दी हटत नाही. चिनी भाषेत या बाजारांना ‘ये-शी’ म्हणतात. शब्दशः अर्थ रात्रीचा बाजार. खाणे, कपडे, स्वस्त वस्तू आणि मुलांचे खेळ हे सारे एकाच रस्त्यावर असले, तरी लोक येतात ते मुख्यतः खायला.

मराठी प्रवाशाची अडचण पहिल्याच गाडीपाशी सुरू होते. फलक चिनी लिपीत असतो, रांग पुढे सरकत असते आणि समोरच्या पदार्थात नेमके काय घातले आहे हे पाहून कळत नाही. शाकाहारी, गोमांस वर्ज्य असणारे, कांदा-लसूण न खाणारे किंवा शेंगदाण्याची ॲलर्जी असणारे यांच्यासाठी हा प्रश्न केवळ चवीचा राहत नाही. त्यामुळे पहिल्या संध्याकाळी स्थानिक मार्गदर्शकासोबत तीन-चार तासांची खाद्यफेरी करणे शहाणपणाचे ठरते. अशी फेरी निवडताना काय पाहावे आणि तिच्यातून काय शिकून घ्यावे, याचा हा आढावा.

देवळापुढचा बाजार

तैवानमधील अनेक जुने रात्रबाजार देवळांच्या आश्रयाने वाढले. जत्रेला माणसे जमतात तेथे खाण्याचे गाडे लागतात, हे सूत्र मराठी वाचकाला नवे नाही. तैपेईतील राओह रस्त्याचा बाजार त्सीयौ मंदिराला लागून सुरू होतो. समुद्रदेवता माझूच्या या मंदिराची उभारणी १७५३ साली सुरू झाली. कीलुंग बंदरातील प्रसिद्ध बाजाराचे नावच ‘म्याओखौ’, म्हणजे देवळाचे दार. सिन्चूमध्ये १७४८ साली स्थापन झालेल्या नगरदेवतेच्या मंदिराच्या आवारातच खाण्याची दुकाने दाटीने उभी आहेत.

पदार्थांत तैवानचा इतिहास थरांनी साठलेला आहे. चीनच्या फूच्येन प्रांतातून आलेल्या स्थलांतरितांनी तांदळाचे, मासळीचे आणि डुकराच्या मांसाचे पदार्थ आणले. १८९५ ते १९४५ या जपानी राजवटीची खूण चाकाच्या आकाराच्या, आत लाल चवळीसारख्या अझुकी कडधान्याचे गोड सारण भरलेल्या केकमध्ये दिसते. १९४९ नंतर मुख्य भूमीवरून आलेल्या सैनिकांनी व निर्वासितांनी नूडल्सचे आणि गव्हाच्या पिठाचे पदार्थ रुजवले. १९५१ ते १९६५ या काळातील अमेरिकी मदतीमुळे गव्हाचे पीठ मुबलक झाल्याने त्यांचा प्रसारही झाला. पुढे कारखानदारी वाढली तशी पाळ्यांत काम करणाऱ्या कामगारांना रात्री स्वस्त आणि गरम जेवण हवे होते. ते या बाजारांनी पुरवले.

समोरच्या पदार्थात काय आहे?

चांगला मार्गदर्शक पदार्थाचे नाव सांगून थांबत नाही, त्याचे घटकही उलगडतो. हे उलगडणे का आवश्यक आहे, ते काही उदाहरणांवरून कळेल.

कालवांचे ऑम्लेट हा रात्रबाजारांचा मानबिंदू. नैऋत्य किनाऱ्यावर वाढवलेली लहान कालवे, अंडे, पालेभाजी आणि रताळ्याच्या स्टार्चचे दाट पाणी तव्यावर एकत्र शिजते आणि वर आंबटगोड रस ओततात. कोकणातील कालवांची चव माहीत असणाऱ्याला हा पदार्थ जवळचा वाटेल; मात्र स्टार्चमुळे येणारा लिबलिबीतपणा अंगवळणी पडायला वेळ लागतो.

राओह बाजारातील मिरीचा पाव मातीच्या गोल भट्टीत आतल्या भिंतीला चिकटवून भाजतात. पद्धत थेट तंदूरची, पण सारण डुकराच्या मांसाचे आणि कांद्याच्या पातीचे. ‘ग्वा बाओ’ या वाफवलेल्या पावात डुकराचे मांस, खारवलेली मोहरीची पाने, दाण्याचे कूट आणि कोथिंबीर असते. ‘लू रौ फान’ म्हणजे सोया सॉसमध्ये शिजवलेल्या डुकराच्या मांसाचे तुकडे घातलेला भात.

अधिक सावधगिरी लागते ती निरुपद्रवी दिसणाऱ्या पदार्थांबाबत. कांद्याच्या पातीची पदर सुटलेली पोळी लच्छा पराठ्याची बहीण वाटते, परंतु काही ठिकाणी ती डुकराच्या चरबीत भाजतात. उग्र वासाचे आंबवलेले टोफू, ‘चौ दोफू’, शाकाहारी समजून घेतले जाते; ते ज्या खारवणात मुरवतात त्यात भाज्यांबरोबर कोळंबीसारखे पदार्थही असू शकतात. निंगशिया बाजारातील अळकुडीच्या तळलेल्या गोळ्यांचे दोन प्रकार मिळतात : एक साधा, तर दुसऱ्यात खारवलेल्या अंड्याचा बलक आणि सुकवलेल्या मांसाचा कीस. 

गोमांसाबाबत तैवानची स्थिती रंजक आहे. शेतकरी कुटुंबांतील अनेक वडीलधारी माणसे आजही ते खात नाहीत, कारण बैल आणि रेडा हे शेतातले सोबती होते. त्यामुळे ‘गोमांस नको’ असे सांगणाऱ्याकडे कोणी आश्चर्याने पाहत नाही. तरीही गोमांसाचे नूडल्स हा आज देशाची ओळख बनलेला पदार्थ आहे आणि काही तिखट रश्श्यांत गाईची चरबी असते. म्हणून विचारणे आवश्यकच.

‘सू’ या अक्षराची किल्ली

शाकाहाराला तैवानमध्ये ‘सू’ म्हणतात आणि बौद्ध परंपरेमुळे ही संकल्पना तेथे घराघरांत ठाऊक आहे. अनेक भाविक चांद्र महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी मांसाहार टाळतात. पौर्णिमा-एकादशी पाळणाऱ्या घरातील माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही. शाकाहारी भोजनालयांच्या फलकांवर पुष्कळदा स्वस्तिकाचे चिन्ह असते. ते बौद्ध चिन्ह असून त्याच्या भुजा हिंदू स्वस्तिकाच्या उलट दिशेला वळलेल्या असतात. गर्दीच्या रस्त्यावर दुरूनही ते ओळखता येते.

कांदा, लसूण आणि त्याच कुळातील इतर भाज्या बौद्ध शाकाहारात वर्ज्य मानल्या जातात. वेष्टनबंद शाकाहारी पदार्थांसाठी तैवानच्या कायद्याने पाच वर्ग ठरवले आहेत : पूर्ण शाकाहारी, अंडे असलेले, दूध असलेले, अंडे व दूध दोन्ही असलेले आणि कांदा-लसूण वर्गातील भाज्या असलेले. जैन किंवा चातुर्मास पाळणाऱ्या प्रवाशाला एवढी नेमकी वर्गवारी परदेशात क्वचितच मिळते. मात्र हा नियम वेष्टनावरच्या मजकुराचा आहे. गाडीवर गरमागरम मिळणाऱ्या पदार्थाला तो लागू पडत नाही, तेथे विचारावेच लागते.

शाकाहारी माणसाच्या वाट्याला येणारे पदार्थ थोडे असले तरी उणे नाहीत. रताळ्याच्या पिठाचे तळलेले गोळे आतून पोकळ आणि बाहेरून कुरकुरीत असतात. तळताना कारागीर ते झाऱ्याने दाबतो आणि ते पुन्हा फुगतात. फक्त हाच पदार्थ विकणारी गाडी निवडल्यास तेलाची चिंता राहत नाही. शेंगदाणा-आइस्क्रीमचा रोल यीलान भागातून आला : चिक्कीसारख्या मोठ्या ठोकळ्यावर सुताराचा रंधा फिरवून काढलेला कीस, त्यावर आइस्क्रीमचे गोळे, वर कोथिंबीर आणि हे सारे गव्हाच्या पातळ पोळीत गुंडाळलेले. सोयाबीनच्या दुधाचे मऊ ‘दोउह्वा’ गोड पाकात मिळते. ‘आइयू’ ही जेली तैवानी अंजीरवर्गीय वेलीच्या बिया पाण्यात चोळून तयार होते. तिला जिलेटिन लागत नाही. बबल टीमधील काळे मणी कसावाच्या स्टार्चचे असतात, म्हणजे आपल्या उपवासाचा साबुदाणा ज्या कंदापासून बनतो त्याचेच. हे पेय १९८० च्या दशकात जन्मले आणि त्याच्या जनकत्वावर ताइचुंग व ताइनान येथील दोन चहागृहे दावा सांगतात.

फळांच्या गाड्यांवर पेरू आंबट आलुबुखाराची पूड लावून देतात. सीताफळाला तेथे शाक्यमुनींवरून ‘शिह्-च्या’ म्हणतात, कारण फळाची साल बुद्धमूर्तीच्या कुरळ्या केसांसारखी दिसते.

कोणता बाजार निवडावा?

पहिल्या फेरीसाठी तैपेईतील राओह बाजार सोयीचा आहे. सुमारे ६०० मीटर लांबीचा सरळ रस्ता आणि तोंडाशीच सोंगशान मेट्रो स्थानक, त्यामुळे चुकामूक होत नाही. निंगशिया बाजार लहान, जुन्या पदार्थांना वाहिलेला आणि जवळजवळ पूर्णपणे खाण्याचा आहे. शिलिन हा सर्वांत मोठा आणि सर्वाधिक पर्यटकांचा. मुलांसोबत असणाऱ्यांना तेथील फुगे फोडण्याचे व रिंग टाकण्याचे खेळ आवडतात. त्यासाठी शिलिन स्थानकावर न उतरता ज्यांतान स्थानकावर उतरणे जवळचे.

मासळीप्रेमींनी कीलुंग गाठावे. सिन्चूत कामासाठी आलेल्यांना नगरदेवतेच्या मंदिरातील तांदळाच्या शेवया जेवणाच्या सुट्टीतही खाता येतात. ताइनानमधील मोठे बाजार मात्र रोज भरत नाहीत. तेथील फुलबाग बाजार, म्हणजे ‘ह्वायुआन’, गुरुवारी, शनिवारी व रविवारी भरतो. इतर दिवशी गेल्यास मोकळे मैदान पाहून परतावे लागते.

फेरी ठरवताना

नोंदणीपूर्वी काही गोष्टी लेखी विचारून घ्याव्यात. गटात जास्तीत जास्त किती माणसे असतील? आठ-दहांपेक्षा मोठा गट अरुंद गल्लीत एकत्र राहत नाही आणि शेवटच्या माणसाला मार्गदर्शकाचे बोलणे ऐकू जात नाही. शुल्कात खाणे धरलेले आहे की प्रत्येकाने गाडीवर स्वतंत्र पैसे द्यायचे? शाकाहारी व्यक्तीला प्रत्येक थांब्यावर पर्यायी पदार्थ मिळेल की केवळ मांसाहारी पदार्थ वगळले जातील? या दोहोंत मोठा फरक आहे; दुसऱ्या प्रकारात पूर्ण शुल्क भरून माणूस उपाशी परततो. बसायला जागा मिळते का आणि वादळाचा इशारा आल्यास पैसे परत मिळतात का, हेही पाहावे. तैवानमध्ये व्यावसायिक पर्यटन मार्गदर्शकांना परीक्षा देऊन परवाना घ्यावा लागतो. त्याची विचारणा करण्यात संकोच नसावा.

ॲलर्जी असल्यास ती चिनी भाषेत लिहून घेऊन फोनमध्ये ठेवावी. दाण्याचे कूट गोड आणि तिखट अशा दोन्ही पदार्थांवर सढळ हाताने पडते, आणि चिमटे व पाट सर्वांसाठी एकच असतात. तीव्र ॲलर्जी असणाऱ्याने केवळ मार्गदर्शकाच्या शब्दावर विसंबू नये.

तैपेईची मिशलिन मार्गदर्शिका २०१८ साली प्रथम निघाली आणि माफक दरात उत्तम जेवण देणाऱ्यांच्या तिच्या यादीत रात्रबाजारांतील गाड्याही आल्या. त्या गाड्यांपुढील रांगा तेव्हापासून लांबल्या. केवळ या यादीवर चालणारी फेरी टाळावी. तिचा निम्मा वेळ रांगेत जातो आणि शेजारच्या गाडीवर तितक्याच निष्ठेने काम करणारा विक्रेता नजरेआड होतो.

व्यवहार आणि शिस्त

सुटे पैसे जवळ ठेवावेत, कारण लहान गाड्यांवर रोख रक्कमच चालते. बक्षिशी देण्याची प्रथा नाही आणि खाण्याच्या दरात घासाघीस करत नाहीत. कचरापेट्या कमी असतात. रिकामी काडी किंवा पेला बहुधा त्याच गाडीवर परत देता येतो. उरलेला खाऊ हातात घेऊन मेट्रोत शिरल्यास तो पिशवीतच राहू द्यावा. तैपेई मेट्रोत खाणे, पाणी पिणे आणि च्युइंगगम चघळणेही निषिद्ध असून दंड १,५०० ते ७,५०० तैवानी डॉलर आहे.

फेरी संपताना मार्गदर्शकाकडून दोन गोष्टी मागून घ्याव्यात : आपल्या आहाराचे नियम सांगणारे एक चिनी वाक्य आणि ज्या गाड्यांवर ते पाळले जातात त्यांच्या नावांची छायाचित्रे. तेवढ्या शिदोरीवर दुसऱ्या संध्याकाळी त्याच बाजारात एकट्याने किंवा कुटुंबासह निर्धास्त फिरता येते.