बैलगाडी ते ट्रॅक्टर : जप्तीचा कायदा आणि मालकाचा हक्क

नागभीडच्या जंगलपट्ट्यात वनखात्याने गाडी अडवली की आपला माणूस आधी हात जोडतो. आमचे म्हणणे आहे, त्याने आधी कागद मागावा. गाडी जप्त होणे वेगळे आणि ती कायमची सरकारजमा होणे वेगळे. या दोहोंच्या मध्येच मालकाचे हक्क आहेत.

इतिहास पाहा. १८७८ च्या वन कायद्याने इंग्रजांनी जंगलावर सरकारी मालकी पक्की केली. गुन्ह्यात वापरलेली हत्यारे, होड्या, गाड्या आणि गुरे जप्त करण्याचा अधिकार दिला. गाडी म्हणजे तेव्हा बैलगाडी; ती गेली की शेतीही गेली. महात्मा फुल्यांनी १८८३ साली ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये जंगलखात्यावर कोरडे ओढले ते उगीच नाही.

१९२७ च्या भारतीय वन अधिनियमाने तीच चौकट पुढे चालवली. तरीही त्यात दोन आधार होते. कलम ५२ प्रमाणे जप्तीचा अहवाल न्यायदंडाधिकाऱ्याकडे जायचा. आणि कलम ६२ प्रमाणे विनाकारण, छळासाठी जप्ती करणाऱ्या अधिकाऱ्याला सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड होऊ शकत होता. हे कलम आपल्या किती कार्यकर्त्यांना माहीत आहे?

मग १९८५ मध्ये महाराष्ट्राने कलम ६१अ ते ६१ग घातले. सरकारी मालकीचे लाकूड वगैरे सापडले, तर वाहन सरकारजमा करण्याचा अधिकार खुद्द वनाधिकाऱ्याला मिळाला. त्यासाठी न्यायालयात गुन्हा शाबीत होण्याची गरज उरली नाही. पकडणारे खाते तेच, निकाल देणारे खातेही तेच! समतेच्या घटनेत हे आम्हाला खटकते.

पण त्याच दुरुस्तीत मालकाची ढालही आहे. लेखी नोटीस आणि म्हणणे मांडण्याची संधी दिल्याशिवाय वाहन सरकारजमा करता येत नाही. आपल्या नकळत ते वापरले गेले, आपण, आपला माणूस किंवा चालक यांचा त्यात हात नव्हता आणि सर्वांनी योग्य खबरदारी घेतली होती, हे मालकाने सिद्ध केले तर वाहन वाचते. आदेश विरुद्ध गेला तर तो कळल्यापासून ३० दिवसांत सत्र न्यायाधीशांकडे अपील करता येते.

वाहने ठाण्यात सडत ठेवू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात २००२ साली सांगितले. मात्र वनगुन्ह्यातील वाहन कारवाई संपेपर्यंत सहसा सोडू नये, असे त्याच न्यायालयाने कृष्णन प्रकरणात २००० साली म्हटले होते. म्हणून ‘कोर्टातून सोडवून आणू’ या भरवशावर नोटिशीकडे दुर्लक्ष करू नका. खरी लढाई नोटिशीच्या उत्तरातच आहे.

आणखी एक मुद्दा. २००६ च्या वनहक्क कायद्याने बांबू, तेंदूसारख्या गौण वनोपजावर हक्कदारांची मालकी मान्य केली. २०११ मध्ये गडचिरोलीच्या मेंढा-लेखा ग्रामसभेने बांबूच्या वाहतूक परवान्याचा अधिकार मिळवला. वनोपज सरकारी नसेल, तर ६१अ चा पायाच ढासळतो, असा आमचा युक्तिवाद आहे. पण आदिवासी नसलेल्या वननिवासींना, म्हणजे दलित आणि ओबीसी कुटुंबांना, ७५ वर्षांचा रहिवास सिद्ध करावा लागतो. ज्यांना जमीन आणि कागद दोन्ही नाकारले, त्यांच्याकडेच कागद मागायचा!

म्हणून मित्रांनो, गाडी अडवली तर जप्तीचा पंचनामा मागा, त्याची प्रत घ्या, नोटिशीची तारीख लिहून ठेवा आणि आदेश विरुद्ध गेला तर तो कळल्यापासून ३० दिवस मोजा. बाबासाहेबांनी ‘शिका’ सांगितले, त्यात कलमे वाचणेही आले.

जय भीम! जय संविधान!