अपील कशाविरुद्ध करायचे?

नोंदणी नाकारली जाणे आणि अर्जावर काहीच न होणे, या दोन गोष्टी मजुराच्या दृष्टीने सारख्याच. कायद्याच्या दृष्टीने मात्र त्यांत महदंतर आहे. नकाराविरुद्ध दाद मागता येते, मौनाविरुद्ध मागणे कठीण. बांधकाम मजुरांच्या नोंदणीचा गेल्या तीन दशकांचा इतिहास हा माझ्या मते मुख्यतः याच फरकाचा इतिहास आहे.

गवंडी, बिगारी, परांचीवर चढणारा मजूर यांच्यासाठी संसदेने १९९६ साली स्वतंत्र कायदा केला. बांधकामाच्या खर्चावर उपकर घ्यावा, तो राज्याच्या कल्याण मंडळाकडे जमा व्हावा आणि त्यातून नोंदीत मजुरांना साहाय्य मिळावे, अशी ही योजना. वय १८ ते ६० आणि मागील बारा महिन्यांत ९० दिवस काम, एवढ्याच मुख्य अटी. कलम १२ अन्वये अर्जदाराचे म्हणणे ऐकून घेतल्याशिवाय अर्ज फेटाळता येत नसे आणि निर्णयाविरुद्ध ३० दिवसांत मंडळाच्या सचिवाकडे अपील करता येई.

तरतूद सद्हेतूने केलेली होती. परंतु अर्ज किती दिवसांत निकाली काढावा हे त्या कलमात नव्हते. परिणाम काय झाला? अर्ज फेटाळायचा तर सुनावणी घ्या, कारणे लिहा, अपिलाला तोंड द्या. नुसता ठेवून द्यायचा तर काहीच करावे लागत नाही. प्रशासनात राहून मी एक गोष्ट शिकलो आहे : ज्या मार्गात जबाबदारी कमी, त्या मार्गाने फाइल आपोआप जाते. इकडे निर्णयच नसल्याने अपिलाचा दरवाजाही बंद. परांचीवरून पडून मजूर दगावला आणि अर्ज प्रलंबित असला, तर तो मंडळाच्या लेखी लाभार्थीच नव्हे.

उरला तो संविधानाच्या अनुच्छेद २२६ खालील परमादेशाचा मार्ग. अमुक मुदतीत निर्णय घ्या, असा आदेश उच्च न्यायालय देऊ शकते. पण रोजंदारी बुडवून तिथवर पोहोचणार कोण? म्हणून संघटना पुढे आल्या. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयात दाखल झालेल्या जनहित याचिकेचा निकाल १९ मार्च २०१८ रोजी लागला. तोवर ३७,४०० कोटी रुपयांहून अधिक उपकर जमला होता आणि सुमारे ९,५०० कोटीच खर्च झाले होते. नोंदणीची यंत्रणा बळकट करण्याचे आदेश न्यायालयाने दिले.

दरम्यान इतर कायद्यांनी मौनालाच अर्थ दिला होता. २००५ च्या माहिती अधिकार कायद्यात मुदतीत उत्तर न देणे म्हणजे नकार मानला जातो. त्यामुळे अपील लगेच करता येते. मध्य प्रदेशाने २०१० मध्ये लोकसेवा हमीचा कायदा करून विलंब करणाऱ्या अधिकाऱ्याला दंडाची तरतूद केली. पुढे अनेक राज्यांनी तोच मार्ग धरला. या कायद्यांचा उपयोग मजुरालाही आहे. अर्जाची तारखेसह पोच घ्यावी, मुदत उलटल्यावर अर्जाची स्थिती माहिती अधिकारात विचारावी, नोंदणी ही अधिसूचित सेवा असेल तर हमी कायद्याखाली अपील करावे आणि शेवटी परमादेश मागावा. आधीचे कागद हाती असले की उच्च न्यायालयात विलंब सिद्ध करणे सोपे जाते.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली आणि बांधकाम मजुरांची नोंदणी तिच्या कक्षेत आली. ९० दिवसांची अट कायम आहे. माझे म्हणणे इतकेच, की या अटीइतकीच स्पष्ट अट अधिकाऱ्यावरही हवी : अमुक दिवसांत निर्णय, अन्यथा नोंदणी झाली असे मानले जाईल. मजुराने आपले ९० दिवस मोजून दाखवायचे असतील, तर शासनानेही आपले दिवस मोजले पाहिजेत.