निळू फुले : झाडीतून पाहिलेला खलनायक

चांदा-गडचिरोलीची झाडीपट्टी धानाची, बांबूची, तेंदूपत्त्याची, उसाची नव्हे. मराठी चित्रपटातला पाटील आणि साखरसम्राट मात्र पश्चिम महाराष्ट्रातला. आपल्याकडे गावावर सत्ता होती ती मालगुजाराची आणि जमीनदाराची. कायद्याने ती १९५१ साली संपवली. पण बेगार घेणाऱ्याचा आवाज आणि ओसरीवर बसण्याची त्याची ऐट कायद्याने संपत नसते. म्हणूनच निळू फुले पडद्यावर आले की झाडीतल्या माणसालाही हा गृहस्थ ओळखीचा वाटतो. हे ओळखीचे वाटणे कुठून आले आणि आपल्याला ते किती उपयोगी पडले, हा या लेखाचा प्रश्न आहे.

निळू फुले (१९३०–२००९) पुण्याचे. तारुण्यात त्यांनी लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केले. पगार ऐंशी रुपये. त्यातले दहा रुपये ते दरमहा राष्ट्र सेवा दलाला देत. अभिनयाचे शिक्षण त्यांना नाट्यशाळेत नव्हे, सेवा दलाच्या कलापथकात मिळाले. राम नगरकरांसोबतचे ‘कथा अकलेच्या कांद्याची’ हे लोकनाट्य गाजले आणि अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’ (१९६८) या चित्रपटाने त्यांना पडद्यावर आणले. म्हणजे हा नट तमाशाच्या परंपरेतून आला. सत्ताधाऱ्याची टर उडवणारी ही परंपरा ज्या जातींनी पायांत चाळ बांधून जिवंत ठेवली, त्यांना प्रतिष्ठा मात्र कधी मिळाली नाही.

पुढे तमाशापटांनी त्यांना एका साच्यात बसवले. टोपी, धोतर, तिरकी नजर आणि परस्त्रीवर डोळा. बायका आपल्याला शिव्या घालतात, हे ते स्वतःच सांगत. नटाची ही मोठीच पावती. परंतु या साच्याने एक घात केला. पाटलाचा जुलूम म्हणजे त्याची वासना, एवढेच प्रेक्षकाच्या मनावर बिंबले. जमीन कोणाच्या नावावर, विहीर कोणाची, सोसायटीचे कर्ज कोणाला, हे प्रश्न पडद्याबाहेरच राहिले. खलनायक मेला की गाव सुखी! आपल्या गावांत असे कधी घडले आहे काय?

‘सामना’ने हा साचा मोडला. विजय तेंडुलकरांची पटकथा, जब्बार पटेल यांचे दिग्दर्शन. १९७५ साली बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत हा चित्रपट होता. इथला हिंदुराव धोंडे पाटील सहकाराचा, विकासाचा माणूस आहे. फुल्यांनी त्याला आरडाओरड करू दिली नाही. तो आदरातिथ्य करतो आणि त्या आदरातिथ्याचीच भीती वाटते. सत्ता गोड बोलते तेव्हा ती अधिक घातक असते, हे या नटाने आपल्या देहातून दाखवले. त्याच्यासमोर डॉ. श्रीराम लागूंचा मास्तर उभा राहतो आणि नाहीशा झालेल्या मारुती कांबळेचे काय झाले, हे विचारत राहतो.

कांबळे हे आडनाव महाराष्ट्रात काय सांगते, ते या वाचकांना समजावण्याची गरज नाही. पण झुंज लागते ती हिंदुराव आणि मास्तर यांच्यात. कांबळे हा प्रश्नाचा विषय. प्रश्न विचारणारा तो नाही. ही त्या चित्रपटाची ताकदही आहे आणि मर्यादाही. दोष नटाचा नव्हे. आपल्यासाठी दुसऱ्या कोणीतरी विचारायचे, ही त्या काळच्या पुरोगामी कलेची सवयच होती.

फुल्यांना स्वतःला या मर्यादेची जाण असावी, असे त्यांच्या जगण्यावरून वाटते. ‘सखाराम बाइंडर’ (१९७२) आणि ‘सिंहासन’मधला (१९७९) पत्रकार दिगू करून त्यांनी साच्याबाहेरची ताकद सिद्ध केली, पण ते तेवढ्यावर थांबले नाहीत. पूर्णवेळ कार्यकर्त्यांच्या मानधनासाठी सामाजिक कृतज्ञता निधी उभा करायचा होता. त्यासाठी ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग झाले आणि त्यात लागूंबरोबर फुलेही होते. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीतही ते उभे राहिले. पडद्यावर ज्याने शोषकाचा चेहरा घातला, त्याने पडद्याबाहेर चळवळीची झोळी धरली.

आता आपल्या दाराशी या. दिवाळीनंतर वडशाच्या नाटक मंडळ्या गावोगाव निघतात. मंडपात रात्रभर नाटक चालते. एरवी शेतात राबणारी कित्येक माणसे तिथे राजा होतात, सावकार होतात, विदूषक होतात. गडचिरोलीच्या परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा उर्वरित महाराष्ट्रातल्या अनेकांना झाडीपट्टी रंगभूमीचे नाव पहिल्यांदा कळले. पण त्यांच्या आधीच्या, दंडार आणि खडी गंमत करणाऱ्या नटांचे काय? त्यांची नावे, त्यांच्या भूमिका कोणी लिहून ठेवल्या?

फुल्यांचा इतिहास लिहिला गेला, कारण कॅमेरा त्यांच्यासमोर होता. आपल्या नटांसमोर फक्त आपण होतो. तेव्हा शिक्षकांनी आणि विद्यार्थ्यांनी वही घेऊन म्हाताऱ्या कलावंतांच्या घरी जावे, मालगुजाराची नक्कल कशी करत असत ते विचारावे, उतरून घ्यावे. कांबळेचे काय झाले, हे कांबळेच्याच घरातून विचारले जावे, याची सुरुवात त्या वहीपासून होईल.