बाबूराव पटेल : एका परीक्षणाने चित्रपट तारणारे आणि बुडवणारे संपादक

बाबूराव पटेल (१९०४–१९८२) हे ‘फिल्मइंडिया’ या इंग्रजी मासिकाचे संपादक, चित्रपट समीक्षक, दिग्दर्शक आणि पुढे खासदार होते. १९३५ पासून साधारण पंचवीस वर्षे या मासिकाचा हिंदी चित्रपटसृष्टीत मोठा दबदबा होता. आपल्या लेखणीच्या एका फटकाऱ्याने ते चित्रपट उभा करत किंवा आडवा करत, अशी त्यांची ख्याती होती. देव आनंद यांनीही आत्मचरित्रात त्यांच्या या ताकदीबद्दल लिहिले आहे.

सुरुवात कशी झाली?

पालघरजवळच्या मासवण गावचे हे मराठी कुटुंब. बाबूरावांचे शालेय शिक्षण अर्धवट राहिले. तरीही वाचन आणि सराव यांच्या जोरावर त्यांनी इंग्रजीवर पकड मिळवली. विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकात ते सिनेपत्रकारितेत आले, नंतर काही चित्रपटही दिग्दर्शित केले. १९३५ मध्ये न्यू जॅक प्रिंटिंग प्रेसच्या पारकरांच्या साथीने त्यांनी ‘फिल्मइंडिया’ सुरू केले. ‘आलम आरा’ हा पहिला हिंदी बोलपट येऊन तेव्हा चारच वर्षे झाली होती. सिनेमा हे सभ्य घरातल्या माणसाचे क्षेत्र नव्हे, असे मानणारा मोठा वर्ग होता. गुळगुळीत कागदावरच्या या इंग्रजी मासिकाने सिनेमाला सुशिक्षितांच्या दिवाणखान्यात नेऊन बसवले.

मासिकात काय असे?

मुखपृष्ठांसाठी एस. एम. पंडित यांच्यासारखे चित्रकार काम करत. आत परीक्षणे, स्टुडिओतल्या बातम्या आणि चित्रपटांच्या पानभर जाहिराती असत. ‘जुडास’ या टोपणनावाने मुंबईच्या चित्रसृष्टीतल्या खबरींचे सदर चाले. सर्वांत लोकप्रिय होते ते वाचकांच्या प्रश्नांना संपादकांनी दिलेल्या उत्तरांचे सदर. प्रश्न नटनट्यांबद्दल असो, लग्नाबद्दल असो की राजकारणाबद्दल, बाबूरावांचे उत्तर तिरकस आणि नेमके असे. अनेक वाचक अंक हातात पडताच आधी तेच पान उघडत.

परदेशी चित्रपटांविरुद्धची मोहीम

हॉलिवूड आणि लंडनमध्ये तयार होणाऱ्या काही चित्रपटांत भारतीय माणूस रानटी किंवा दगाबाज दाखवला जाई. ‘फिल्मइंडिया’ने त्याविरुद्ध जोरदार लिखाण केले. अलेक्झांडर कोर्डा निर्मित ‘द ड्रम’ १९३८ मध्ये मुंबईत लागला तेव्हा लोक रस्त्यावर उतरले आणि चित्रपट उतरवावा लागला. पुढच्या वर्षीच्या ‘गंगा दिन’लाही असाच विरोध झाला. पडद्यावर आपला देश कसा दिसतो, हा स्वाभिमानाचा प्रश्न आहे, ही जाणीव वाचकांत रुजवण्यात या मासिकाचा वाटा मोठा होता.

समीक्षक किती निष्पक्ष होता?

ज्या निर्मात्यांच्या चित्रपटांचे परीक्षण होई, त्यांच्याच जाहिरातींवर मासिक चाले. त्यात बाबूरावांचे रागलोभ तीव्र होते. व्ही. शांताराम यांचे सुरुवातीला त्यांनी भरभरून कौतुक केले, पुढे त्यांच्यावरच कठोर टीका केली. ‘ज्वार भाटा’ (१९४४) या चित्रपटातून आलेल्या दिलीपकुमार यांना त्यांनी निकालात काढले होते. तोच नट हिंदी सिनेमाच्या सर्वांत मोठ्या अभिनेत्यांपैकी एक ठरला.

याच काळात ते स्वतः पुन्हा कॅमेऱ्यामागे गेले. गायिका सुशीलाराणी यांना प्रमुख भूमिकेत घेऊन त्यांनी ‘द्रौपदी’ (१९४४) आणि ‘ग्वालन’ (१९४६) काढले. दोन्ही पडले. इतरांच्या चित्रपटांना झोडपणाऱ्या समीक्षकाला प्रेक्षकांनी त्याच तराजूत तोलले.

सुशीलाराणी बाबूरावांच्या पत्नी झाल्या. मोगूबाई कुर्डीकर यांच्या त्या शिष्या. २००२ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमी पुरस्कार मिळाला. मासिकातला बराच मजकूर त्यांच्या लेखणीतून उतरला होता. त्यामुळे ‘फिल्मइंडिया’ ही एकट्या बाबूरावांची कामगिरी मानणे बरोबर नाही. सिद्धार्थ भाटिया यांनी २०१५ मध्ये या मासिकावर पुस्तक लिहिले, त्याच्या नावातही पटेल पतिपत्नी दोघांचा उल्लेख आहे.

सिनेमाकडून राजकारणाकडे

स्वातंत्र्यानंतर मासिकातले राजकारण वाढत गेले. काँग्रेस सरकारवरची टीका आणि हिंदुत्ववादी भूमिका ठळक झाली. १९६० च्या सुमारास मासिकाचे नावच ‘मदर इंडिया’ झाले आणि सिनेमा मागे पडला. १९६७ मध्ये बाबूराव मध्य प्रदेशातील शाजापूरमधून जनसंघाच्या तिकिटावर लोकसभेवर निवडून आले. होमिओपॅथीवरही त्यांनी पुस्तक लिहिले. १९८२ मध्ये त्यांचे निधन झाले.

आज हे अंक का वाचले जातात?

भारतातले असंख्य जुने चित्रपट आता उपलब्ध नाहीत. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये सुरू झाले, तोवर कितीतरी प्रिंट जळून, सडून किंवा भंगारात जाऊन संपल्या होत्या. खुद्द ‘आलम आरा’ची एकही प्रत शिल्लक नाही. अशा वेळी त्या काळातल्या नियतकालिकांमधली परीक्षणे, छायाचित्रे आणि जाहिराती हाच पुरावा उरतो. ‘फिल्मइंडिया’चे बरेच अंक आता इंटरनेटवर मोफत वाचता येतात आणि अभ्यासक त्यांचा सतत आधार घेतात.

मात्र तो आधार घेताना एक पथ्य पाळावे लागते. चित्रपट कधी आला, कोणी काढला, त्यात कोण होते, एवढे सांगायला हे अंक उपयोगी आहेत. चित्रपट चांगला होता की वाईट, हे त्यांच्यावरून ठरवताना त्या महिन्यात संपादकाचे निर्मात्याशी कसे जमत होते, तेही तपासावे लागते. ‘ज्वार भाटा’ गाजला नाही, पण त्यातल्या नायकाबद्दलचा निवाडा चुकला हे आज कळते, कारण दिलीपकुमार यांचे पुढचे चित्रपट आपल्यापुढे आहेत. जे चित्रपटच उरले नाहीत, त्यांच्याबाबत बाबूरावांचा शब्द खोडून काढायला दुसरा साक्षीदार सहसा मिळत नाही.