गिरणी कामगारांचा रविवार

विश्रामदिनाची आज्ञा पवित्र शास्त्रात दोनदा येते, आणि दोन्ही ठिकाणी तिचे कारण निराळे आहे. निर्गमात ईश्वराने सातव्या दिवशी विसावा घेतला म्हणून. अनुवादाच्या पाचव्या अध्यायात, मिसर देशातील दास्य आठवून दासदासींनाही धन्याप्रमाणेच विसावा मिळावा म्हणून. प्रवचनांत आपण पहिले कारण विस्ताराने सांगतो. दुसरे बहुधा राहून जाते.

मुंबईत ते दुसरे कारण मांडले एका सत्यशोधकाने. १८८१ चा कारखाने कायदा ख्रिस्ती म्हणविणाऱ्या राजसत्तेने केला. त्यात लहान मुलांना महिन्यातून चार सुट्या होत्या, प्रौढांना एकही नाही. नारायण मेघाजी लोखंडे हे जोतीराव फुल्यांचे सहकारी, काही काळ गिरणीत स्टोअरकीपर, १८८० पासून 'दीनबंधु'चे संपादक. सप्टेंबर १८८४ मध्ये त्यांनी कामगारांच्या सभा भरवल्या आणि सुमारे साडेपाच हजार सह्यांचा अर्ज तयार केला. मागण्या अशा : दर रविवारी पूर्ण सुटी, दुपारी अर्धा तास विश्रांती, सकाळी साडेसहा ते सूर्यास्त एवढेच काम, मागच्या महिन्याचा पगार पंधरा तारखेच्या आत, आणि अपघातात जायबंदी झालेल्यास निर्वाह. पगारवाढ त्यांत कोठेच नाही, हे मला फार बोलके वाटते. पगार अडकून पडला की कामगार सावकाराच्या दारी जाई. म्हणून तारखेचीच मागणी.

त्यांच्या संघाला सभासदांची यादी नव्हती, वर्गणी नव्हती, लेखी नियम नव्हते. तरीही २४ एप्रिल १८९० रोजी महालक्ष्मीच्या मैदानावर सुमारे दहा हजार कामगार जमले. दोन स्त्रियाही त्या सभेत बोलल्या. १० जून १८९० रोजी गिरणीमालकांच्या संघाने रविवारची सुटी मान्य केली.

रविवार हा खंडोबाचा वार, म्हणून तो मागितला गेला, असे सांगतात. कोणा धर्मपंडिताला यात अडचण वाटेल. मला वाटत नाही. दासाच्या विसाव्याची अट त्या मागणीने पुरी केली होती, आणि ती आपण किती पुरी करतो हा प्रश्न मला अधिक छळतो. आमच्या धर्मगुरुनिवासात स्वयंपाक्याला सर्वांत जास्त राबावे लागते ते रविवारीच.

पोप तेरावे लिओ यांचे कामगारविषयक परिपत्र १५ मे १८९१ चे. रविवारची विश्रांती हा कामगाराचा अधिकार असल्याचे त्यात आले आहे. मुंबईचा निर्णय त्याच्या अकरा महिने आधीचा. १८९१ च्या कायद्याने साप्ताहिक सुटी सर्व कारखान्यांत सक्तीची झाली. हिंदी गिरण्यांची स्पर्धा खुपणाऱ्या लँकेशायरच्या व्यापाऱ्यांचाही अशा कायद्यांमागे रेटा होता, हे विसरून चालणार नाही. त्या कायद्याने स्त्रियांना अकरा तासांची मर्यादा घातली. प्रौढ पुरुषाच्या तासांना मर्यादा, तीही कापडगिरण्यांत दिवसाला बारा तासांची, यायला १९११ साल उजाडले. लोखंडे १८९७ च्या प्लेगातच गेले होते.